सात मिनिटांचा उशीर

मुलगा प्रोफेसर झाला, असं नेरितानच्या आईनं राजधानी तिरानातल्या आपल्या इमारतीच्या पाचही मजल्यांवर सांगून ठेवलं होतं. तो झालेला नव्हता. इतिहास संस्थेत तो सात वर्षं हंगामी म्हणून घासत होता, आणि कायमची जागा मिळणार की नाही हे येत्या शनिवारी ठरायचं होतं. शनिवारी कोर्चा या लांबच्या शहरातल्या वाचनालयात त्याचं व्याख्यान होतं. ऐकायला निवड समितीचे तिघं येणार होते आणि अध्यक्ष होते प्रोफेसर हायरेदिन. या गृहस्थांच्या वरच्या खिशात कायम एक लाल पेन्सिल असे. दुसऱ्याच्या पुस्तकात चूक सापडली की त्या दिवशी ते दोन घास जास्त जेवत.

नेरितानचा विषय होता वज्रपत्रं. साम्यवादी राजवटीत प्रत्येक कारखान्यात एक फळा असे. त्यावर कोणीही कोणाच्याही विरुद्ध कागद लावावा आणि ज्याच्यावर तो लागला त्यानं तीन दिवसांत शेजारीच आपलं उत्तर लावावं, अशी पद्धत होती. आकाशातून वीज पडावी तसा तो कागद माणसावर पडे, म्हणून ते नाव. उत्तर म्हणजे चूक मान्य करणं. मान्य नाही असंही लिहिता येई, पण तसं लिहिणारा माणूस पुन्हा फळ्यापाशी दिसत नसे.

राजवट गेली तेव्हा लोकांनी हे कागद मिळतील तिथे जाळले. कोर्चाच्या मोजे कारखान्याचं एक खोकं तेवढं माळ्यावर विसरून राहिलं आणि ते नेरितानच्या हाती लागलं. चौसष्ट कागद. त्यातले त्रेसष्ट एकाच गुन्ह्याचे: कामावर उशिरा येणं. नेरितानला आकाश ठेंगणं झालं. इथे कोणी घोषणा दिल्या नाहीत, दगड मारले नाहीत, पण वर्षानुवर्षं रोज कोणीतरी सात मिनिटं उशिरा येत होतं! त्यानं तक्ते केले, आलेख काढले आणि 'मोजे कारखान्यातलं मूक बंड' नावाचं साठ पानी प्रकरण लिहून काढलं. आता माणूस शहाणा असता तर लिहायच्या आधी कोर्चाला एक चक्कर मारून आला असता. पण शहाण्याला कागद पुरतो, असं त्याचं मत होतं.

गुरुवारी तो थानासकडे गेला. थानास त्या कारखान्याचा जुना गोदामवाला, वय वर्षं एक्क्याऐंशी. फळा त्याच्या गोदामाच्या दाराशेजारीच होता. नेरितानला त्याच्याकडून दोन-चार हळव्या आठवणी हव्या होत्या, व्याख्यानात पेरायला. बस चुकल्यामुळे तो चाळीस मिनिटं उशिरा पोचला. थानासच्या बायकोनं, कालिओपीनं, दार उघडलं आणि आधी भिंतीवरच्या घड्याळाकडे बघितलं.

"उशिरावर पुस्तक लिहिणारे तुम्हीच का?" ती म्हणाली. "या. लाक्रोर गार झाला."

लाक्रोर म्हणजे पातीचा कांदा भरून भाजलेली परातीएवढी जाड पोळी होती. नेरितान घाईघाईत एक तुकडा खात, दुसरा खात आपल्या झेरॉक्सच्या प्रती टेबलावर मांडू लागला. थानासनं चष्मा लावला, एकेक कागद उचलून लांब धरला आणि नातवंडांचे फोटो बघावेत तसा हसू लागला.

"हे माझं," तो म्हणाला.

नेरिताननं कान टवकारले. म्हातारा आपण होऊन कबुली देतोय! त्यानं हळूच रेकॉर्डर पुढे सरकवला. "म्हणजे काका, आपल्याच सोबत्यांविरुद्ध तुम्ही लिहिलंत? कोणकोणतं?"

"सगळी."

"सगळी म्हणजे?"

"ही त्रेसष्ट. आणखीही होती, पण खोक्यात उंदीर होते."

"काका, तुम्ही... तुम्ही त्यांचे खबरे होतात?"

कालिओपीनं सुरी खाली ठेवली. "खबऱ्या? हा? याला स्वतःच्या घरातलं काही कळत नाही, तो दुसऱ्याची काय खबर देणार!"

"नीट ऐक, बाळा," थानास म्हणाला. "वर्षभर ज्याच्यावर एकही कागद लागला नाही, तो माणूस वरच्यांच्या डोळ्यांत खुपायचा. हा एवढा स्वच्छ कसा? नक्की काहीतरी लपवतोय. मग शोधाशोध. आणि शोधलं की सापडतंच, संतमहात्म्याकडेसुद्धा सापडतं. म्हणून लोक माझ्याकडे यायचे. थानास, मला एक छोटासा लिहून दे. मी द्यायचो. छोटा कागद लागला, चूक मान्य केली, विषय मिटला. एकदा टीका झाली आणि ती मान्य केली, की त्या वर्षी त्या माणसावर पुन्हा कागद नाही, असा नियमच होता. देवी टोचून घेतो ना आपण, तसं."

"आणि खालच्या सह्या?"

"तुझ्या कागदावर शेजारणीची, शेजारणीच्या कागदावर तुझी. फिट्टंफाट."

नेरितानच्या घशात लाक्रोर अडकला. "म्हणजे... हे लोक उशिरा येत नव्हते?"

"उशिरा?" कालिओपी उठूनच उभी राहिली. "आम्ही? सहाचा भोंगा व्हायचा, आणि साडेपाचला मी मशीन पुसून बसलेली असायची! एकदा बर्फात कमरेपर्यंत रुतले, तरी पाच पन्नासला आत. आणि काय रे, माझंही नाव आहे का त्या पुस्तकात?"

होतं. कालिओपी, नऊ मिनिटं, पान चौतीस, 'निर्भय स्त्री कामगाराचं उदाहरण'. नेरिताननं ती प्रत हळूच ढिगाखाली सारली.

"पण सातच मिनिटं का?" त्यानं विचारलं. या सात मिनिटांवर त्यानं तीन पानं खर्ची घातली होती.

"पाच म्हणजे थट्टा वाटते. पंधरा म्हणजे घातपात. दहा लिहिलं तर अंदाजपंचे ठोकल्यासारखं दिसतं. सात म्हटलं की वाटतं, कोणीतरी खरंच घड्याळ बघितलंय." थानास खुर्चीत ताठ झाला. "सात, नऊ, अकरा. अकराच्या वर मी आयुष्यात गेलो नाही."

"मग ऑक्टोबरात उशीर एवढा वाढतो कसा? माझ्या आलेखात... वर्षअखेरीच्या उत्पादनाचा ताण, कामगारांची चीड..."

"ऑक्टोबरात घरोघरी राकी निघते, द्राक्षाची दारू," थानास म्हणाला. "माझी एका कागदाला एक बाटली. मार्चमध्ये कोणाकडे काय असतं द्यायला? उरलेलं लोणचं."

"आणि ही उत्तरं? 'यापुढे मी तीन मिनिटं आधी येऊन मोज्यांच्या भवितव्याचा विचार करीन.' हा उपहास आहे ना? निदान हा तरी?"

"ते माझं," कालिओपी म्हणाली. "याला उत्तरं जमत नाहीत. पुरुषांना आरोप करता येतात, चूक मान्य करायची म्हटली की शब्द सुचत नाहीत. आणि तो उपहासबिपहास नाही. चांगलं लिहिलंय ते."

साठ पानांची इमारत अर्ध्या तासात भुईसपाट झाली. नेरितान उरलेले कागद गोळा करू लागला, तेव्हा चौसष्टावा थानासच्या हातात आला. तो वाचून त्याचा चेहरा उतरला.

"हे माझं नाही," तो म्हणाला.

ते ओलिंबी नावाच्या मुलीवरचं होतं. मशीनवर बसून परदेशी गाणं गुणगुणली, नोव्हेंबर 1974. नेरितानच्या तक्त्यात ते कुठे बसेना, म्हणून त्यानं ते तळटिपेत टाकलं होतं: 'एक अपवाद.'

"ऑक्टोबरात ती आली होती माझ्याकडे," थानास म्हणाला. "छोटासा हवा होता. पण त्याच्या आदल्या आठवड्यात जेवणाच्या सुट्टीत ती चारचौघांत म्हणाली होती, थानासचे कागद अळणी असतात. मला राग आला. म्हटलं, रांग मोठी आहे, नवीन वर्षानंतर ये. नुसतं झुलवायचं होतं. महिन्याभरात कोणाला तरी मुकादम व्हायचं होतं, त्यानं तिच्यावर हा लावला. खरा. तिच्या नावावर आधीचा काहीच नव्हता, स्वच्छ पाटी. पाच वर्षं दलदलीच्या गावात धाडली तिला, चर खणायला. घर तिचं बाजारामागच्या गल्लीत. पंचेचाळीस वर्षं झाली, मी त्या गल्लीत पाऊल टाकलं नाही."

"चांगली पात तिथेच मिळते," कालिओपी हळूच म्हणाली. "मला दुसऱ्या टोकाला जावं लागतं."

थानासला वाईट वाटत होतं आणि नेरितानलाही त्याच्यासाठी वाईट वाटलं. पण खोटं कशाला बोला, त्याला स्वतःसाठी जास्त वाटलं.

शुक्रवारचा दिवस त्यानं हॉटेलच्या खोलीत येरझाऱ्या घालण्यात काढला. प्रकरण आहे तसं वाचलं तर? हायरेदिनसाहेबांना मोज्यांतलं काय कळतंय? थानास काही बोलायला येणार नाही. ताकास तूर लागू दिली नाही, तर जागा खिशात. मग त्याला आठवलं, की कामगारांनी यावं म्हणून आपणच गावभर पत्रकं लावली आहेत, 'कॉफी व केक मोफत'. म्हाताऱ्या बायका पहिल्या रांगेत बसून डोळे पुसताहेत, असं चित्र त्यानं तेव्हा मनात रंगवलं होतं. तो धावतच थानासच्या घरी गेला.

"काकू, उद्या त्या बायकांना जरा..."

"सतरा जणी येणार आहेत," कालिओपी म्हणाली. "सगळ्यांना निरोप गेलेत. सांगितलंय, तिरानाहून एक माणूस आलाय, तो म्हणतो तुम्ही सगळ्या कामचुकार होतात."

"मूक बंड म्हणतो हो मी!"

"तेच ते."

नेरितान मटकन खाली बसला. सात वर्षं, आई, पाच मजले, सगळं त्यानं सांगून टाकलं. थानास खिडकीपाशी बसून ऐकत होता. "तो अध्यक्ष माणूस कसा आहे?" त्यानं विचारलं.

"चुका शोधतो. सापडेपर्यंत शोधतो."

"आणि तुझ्यावर आजवर टीका किती झाली? बारीकसारीक?"

"एकदाही नाही," नेरितान म्हणाला, आणि एवढ्या दुःखातही त्याच्या आवाजात थोडा अभिमान आलाच. "माझी सगळी परीक्षणं उत्तम आली आहेत."

थानासनं कालिओपीकडे बघितलं. कालिओपीनं थानासकडे बघितलं.

"अगदीच स्वच्छ," थानास काळजीनं म्हणाला.

शनिवारी सकाळी नेरितान वाचनालयापाशी पोचला, तर दारासमोर ही गर्दी. सतरा बायका, त्यांचे नवरे, दोन-तीन काठ्या आणि सर्वांच्या पुढे प्रोफेसर हायरेदिन, मान वर करून काहीतरी वाचत उभे. दारावर एक मोठा कागद लागला होता, लाल अक्षरांत.

'वज्रपत्र. कॉम्रेड नेरितान यांच्यावर. कॉम्रेड नेरितान गुरुवारी ठरलेल्या वेळेपेक्षा अकरा मिनिटं उशिरा आले. त्यांनी लाक्रोरचे चार तुकडे खाल्ले व एकाचीही स्तुती केली नाही. त्यांनी त्रेसष्ट कागद वाचून साठ पानं लिहिली आणि ज्यांचे कागद त्यांना विचारायला सर्वांत शेवटी आले. त्यामुळे पानं चुकली. माणूस कष्टाळू आहे, सुधारेल. टीका करणारी: कालिओपी, मोजे विभाग.'

पहिल्यांदा नेरितानचं रक्त तापलं. घरभेदी म्हातारा! मग त्याची नजर पुन्हा 'अकरा'वर गेली. चाळीस मिनिटांची अकरा केली होती. म्हाताऱ्यानं त्याच्यासाठीही हद्द ओलांडली नव्हती. नेरितानच्या डोळ्यांत एकदम पाणीच आलं, आणि ते लपवायला त्यानं नाक शिंकरलं.

"हा काय प्रकार आहे?" हायरेदिन म्हणाले. त्यांचा हात लाल पेन्सिलीकडे गेला होता.

"माझ्यावरची टीका आहे, सर. मला उत्तर द्यावं लागेल."

कालिओपी कुजबुजली, "लिहून देऊ का उत्तर?"

"नको काकू. हे मलाच द्यायला हवं."

तो व्यासपीठावर गेला, साठ पानं पिशवीत कोंबली आणि म्हणाला, "टीका मान्य आहे." मग त्यानं सगळं सांगितलं. सात, नऊ, अकरा. फिट्टंफाट सह्या. राकीचा महिना. दोन मिनिटांत सभागृहाचा बाजार झाला.

"माझी नऊ होती, सात नव्हे!"

"माझ्याकडून दोन बाटल्या घेतल्या त्यानं!"

"तुझी राकी पाणचट होती म्हणून!"

"लिहून घ्या, मी कधी उशिरा आले नाही! माझ्या नातवाला दाखवायचंय!"

समितीतल्या एक बाई भराभरा टिपून घेत होत्या, त्यांना हात पुरेना. अखेर हायरेदिन उठले. "एक मिनिट. म्हणजे डॉक्टर नेरितान, तुम्ही समितीला पाठवलेलं प्रकरण मुळापासून चुकीचं आहे, असंच ना?"

"ते दारावर लिहिलंय की!" कालिओपी बसल्या जागेवरून म्हणाली. "साहेब, तुम्ही आत्ताच वाचलंत. टीका झाली, त्यानं मान्य केली. एकदा मान्य केली की पुन्हा कागद नाही. बसा."

सतरा बायकांनी एका सुरात सांगितलं, "बसा!" हायरेदिन तरुणपणी एका कारखान्यात दोन वर्षं होते. तो सूर त्यांच्या ओळखीचा होता. ते बसले.

पुढे वसंतात नेरितानला जागेचं पत्र आलं, प्रकरण नव्यानं लिहायच्या अटीवर. आईला काही वेगळं सांगावं लागलं नाही. पण ते पुढचं. त्या दिवशी लोक कॉफीकडे बघायला लागले तरी तो व्यासपीठावरून उतरला नाही.

"एक तळटीप राहिली," तो म्हणाला. "चौसष्टावा कागद. माझ्या तक्त्यात बसेना, म्हणून मी त्याला अपवाद म्हटलं. त्रेसष्ट खोट्यांवर मी साठ पानं लिहिली आणि एका खऱ्याला दोन ओळी दिल्या. त्यातलं नाव मी तिला विचारल्याशिवाय घेणार नाही."

"घे की," शेवटच्या रांगेतून आवाज आला. पातीची पिशवी मांडीवर घेतलेली एक म्हातारी उठली. "ओलिंबी. मीच ती."

दाराशी थानास उभा होता. ओलिंबी आत आहे हे दिसल्यापासून त्याची आत यायची हिंमत झाली नव्हती आणि घरी जायचीही. आता तो टोपी हातात घेऊन पुढे आला.

"ओलिंबी, तू ऑक्टोबरात आली होतीस."

"आले होते."

"तू माझ्या कागदांना अळणी म्हणाली होतीस."

"होतेच अळणी. ज्याला त्याला आपली सात मिनिटं!" बायका हसल्या. ती हसली नाही. "मी तिथे असताना माझी आई गेली, थानास. सोडलं नाही मला मातीला."

"माहीत आहे," थानास म्हणाला. "मला वाटलं नव्हतं गं असं होईल."

"मलाही वाटलं नव्हतं." ओलिंबीनं पिशवी या हातातून त्या हातात घेतली. "पण तू काय म्हणाला होतास? नवीन वर्षानंतर ये. झालं की नाही नवीन वर्ष? पंचेचाळीस झाली. आता लिही माझा."

कोणीतरी दारावरच्या कागदाचा कोरा तुकडा फाडून आणला. लाल पेन्सिल कोणाकडे होती ते सर्वांना माहीत होतं. प्रोफेसर हायरेदिननी ती खिशातून काढली, टोक तपासलं आणि थानासच्या हातात दिली.

"किती मिनिटं लिहू?" थानासनं विचारलं.

"सात नको."

"नऊ?"

"अकरा लाव. एकदा तरी हात सैल सोड."

थानासनं लिहिलं: कॉम्रेड ओलिंबी कामावर अकरा मिनिटं उशिरा आली. तारीख घातली, 14 ऑक्टोबर 1974. खाली टीका करणाऱ्याची सही हवी होती, आणि आपण लिहिलेल्या कागदावर आपणच सही करायची नाही हा थानासचा जुना नियम. त्यानं कागद नेरितानपुढे धरला. नेरितान सात वर्षं विद्यार्थ्यांना बजावत आला होता, की दस्तऐवजाला हात लावू नका. त्यानं सही केली. हायरेदिन त्या वेळी खिडकीबाहेर काहीतरी फार लक्षपूर्वक बघत होते.

"तीन दिवसांत उत्तर लागतं," कालिओपी डोळे पुसत म्हणाली. "सांगू का मी काय लिहायचं ते?"

"एवढं येतं मला," ओलिंबी म्हणाली. तिनं कागद गुडघ्यावर घेतला आणि खाली सावकाश लिहिलं: टीका मान्य आहे, यापुढे वेळेवर येईन. मग तिनं त्याची नीट घडी केली, पिशवीत पातीच्या जुडीशेजारी ठेवली आणि पिशवी थानासच्या हातात दिली.

"जड आहे," ती म्हणाली. "घरापर्यंत घे."

थानासनं टोपी घातली, आणि दोघं बाजारामागच्या गल्लीकडे चालू लागले.